अर्जाची पक्की शिलाई

३ मार्च, सकाळी ११
बँकेची नोटीस. कटिंग मशीनचं थकलेलं कर्ज साठ दिवसांत भरा, नाहीतर गहाण घर ताब्यात घेऊ. घाबरलो नाही. तीन ग्लास पाणी प्यायलो, ते उन्हामुळे. ही म्हणाली, माझ्या मावसभावाकडे जाऊ, वकील आहे. मी म्हटलं, वीस वर्षं वकिलांची पुस्तकं बाइंड करतोय, कायदा माझ्या हाताखालून गेलाय.

९ मार्च
दुकानात बाइंडिंगला आलेलं पुस्तक चाळलं. बँकेकडे लेखी हरकत घेता येते, आणि बँकेला पंधरा दिवसांत कारणांसह उत्तर द्यावंच लागतं. बँकेची झोप उडणार. उद्यापासून लिहायला बसतो.

१४ एप्रिल
हरकत राहिली. मनासारखा कागद मिळत नाही. बँकेला झेरॉक्सच्या कागदावर उत्तर देणं आपल्याला शोभत नाही.

६ मे
साठ दिवस संपले. बँकेची माणसं दोन पंच घेऊन आली आणि दारावर ताब्याची नोटीस चिकटवून गेली. काय ती खळ! सगळीकडे बुडबुडे. शेवटी मीच फडकं फिरवून कागद सपाट केला. साहेब थँक्यू म्हणाले. ही आत गेली.

७ मे
खरा उपाय आता सुरू. ताब्याच्या नोटिशीविरुद्ध पंचेचाळीस दिवसांत न्यायाधिकरणात अर्ज. शेवटची तारीख २० जून. वेळच वेळ. हिने कर्जाच्या कागदांच्या झेरॉक्स मागितल्या. दिल्या. बायकांना हातात काहीतरी लागतं.

२ जून
मसुदा १८७ पानं. बँक चाळिसाव्या पानावर येते. आधी माझी जडणघडण.

१२ जून
अर्जाच्या पुठ्ठ्यावर सोनेरी अक्षरं ठोकण्यात दिवस गेला. ही दारात उभी राहून काहीतरी सांगत होती. हं म्हटलं.

१८ जून
अर्ज पूर्ण. सुटी पानं घेऊन कोर्टात जायला मी काय शिकाऊ आहे? चार प्रती, दुहेरी शिलाई, कापडी पुठ्ठा. सरस वाळायला दोन दिवस प्रेसखाली. हिशोब बरोबर बसतो.

२० जून, दुपारी १
हवा दमट. सरस ओला. आत्ता काढलं तर पाठ वाकडी होईल. अजून दोन तास ठेवतो.

२० जून, संध्याकाळी ६
चारला पोचलो. खिडकीतल्या कारकुनाने अर्ज हातात घेऊन वजनच केलं. म्हणाला, सुंदर आहे, पण पानं सुटी हवीत, स्कॅन करायची असतात, उसवून आणा. उसवायला बसलो. मी ओढलं, त्याने ओढलं, शिपायाने पुठ्ठ्यावर पाय देऊन ओढलं. पाचला खिडकी बंद झाली. माझी शिलाई आजवर कधी सुटलेली नाही.
जिन्यात बसून राहिलो. घर गेलं, आणि ते मी घालवलं. हिला काय सांगू?

२१ जून
सांगितलं. ही भाजी निवडत होती, निवडतच राहिली. म्हणाली, घर दोघांच्या नावावर आहे ना, मी २८ मेलाच माझा अर्ज दिला, मावसभावाने लिहून दिला. बँकेने थकबाकीचा आकडाच चुकीचा लावला होता. १२ जूनला स्थगिती मिळाली. मी म्हटलं, मला सांगायचं तरी. म्हणाली, त्याच दिवशी दारात उभी राहून सांगितलं होतं.
अट एकच: महिनाभरात काही रक्कम भरायची. त्यासाठी कटिंग मशीन विकायचं. गिऱ्हाईकही हिनेच पाहिलंय.
तिचा अर्ज पाहिला. नऊ पानं. झेरॉक्सचा कागद. एक स्टेपल, तीही तिरकी. सरळ करायला पिन काढायचा चिमटा आणला, तेवढ्यात हिने कागद माझ्या हातातून काढून घेतले आणि कपाटात ठेवले. किल्ली स्वतःकडे ठेवली.