चौदावे पान

मी, खाली सही करणारा, वय एकाहत्तर, धंदा पाण्याचे पंप दुरुस्त करणे, हे मृत्युपत्र पूर्ण शुद्धीवर आणि कोणाच्याही दडपणाशिवाय स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर असल्याचे डॉक्टरांनी तपासून सांगितले. बायकोचे मत वेगळे आहे, पण तिला साक्षीदार केलेले नाही. आधीची दोन्ही मृत्युपत्रे रद्द समजावीत. ती रागाच्या भरात लिहिली होती.

१. तिसऱ्या मजल्यावरचे राहते घर आणि बँकेतली शिल्लक बायकोची. तिने घर विकून तळमजल्यावर जागा घेतली तर उत्तमच. जिन्यांचा विषय पुढे येईल.

२. आम्हाला मूल नाही. वर्कशॉप, लेथ आणि सर्व हत्यारे पुतणीला, म्हणजे धाकट्या भावाच्या मुलीला. नुसता आवाज ऐकून कोणते बेअरिंग गेले ते ती सांगते. भाऊ आणि मी नऊ वर्षे बोललो नाही, तरी त्याने तिला माझ्याकडे काम शिकायला येऊ दिले.

३. नगरपालिकेविरुद्धचा माझा दावा, सध्या अपिलात असलेला, ताबडतोब मागे घ्यावा. तोवर मी हयात असलो तर मीच घेईन. वकीलबाईंना तसे पत्र दिले आहे. हकिगत अशी. नऊ वर्षांपूर्वी शहरातले सगळे पंप सांभाळण्याची निविदा निघाली. आमचा दर सर्वात कमी होता. पण लिफाफा उघडला तेव्हा चाळीसपैकी चौदावे पान, हमीपत्राचे, आत नव्हते. निविदा बाद झाली आणि काम चकाचकला मिळाले. (हा दुसरा ठेकेदार. बुटांवरून आम्ही त्याला हे नाव ठेवले.) ते पान कार्यालयाने गहाळ केले, असे मी कोर्टात शपथेवर सांगितले आणि कामाला स्थगिती मिळवली. पंप सांभाळायला कोणीच उरले नाही. महिन्याभरात वरच्या मजल्यांचे पाणी बंद झाले. तीन जिने बादली चढवताना बायको म्हणाली, "जिंकलात ना? मग धरा आता ही दुसरी."

४. दोन महिन्यांपूर्वी पंपांचा जुना कॅटलॉग चाळताना चौदावे पान सापडले. सहीसकट, शिक्क्यासकट. त्यावरचा शिक्का तेव्हा फिका उठला होता म्हणून मी ते लिफाफ्यातून काढले, पुन्हा शिक्का मारला, शाई ओली म्हणून कॅटलॉगात दाबून ठेवले आणि लिफाफा बंद केला. शिक्का ठसठशीत हवा, ही माझी खोड. पान आता कोर्टात हजर करायचे आहे. खोट्या शपथेची जी शिक्षा होईल ती माझी.

५. आवक-जावक टेबलावरच्या कारकुनांची माझ्या आरोपावरून चौकशी झाली, बढती अडली. त्यांच्या घरी जाऊन मी माफी मागितली. त्यांनी आत बोलावले नाही. त्यांचे बरोबर आहे.

६. चकाचकला काहीही नाही. स्थगिती येण्याआधी त्याने मोठ्या पंपाची मोटर उलटी जोडून तो दोन दिवस उलटा फिरवला, हे मी विसरलेलो नाही.

७. धाकटा भाऊ. लिफाफा त्याने भरला होता. "दादा, चाळीस पानं, दोनदा मोजलीत," असे सांगून तो घरी गेला. त्यानंतर मी पान काढले आणि साफ विसरलो. निविदा बाद झाली त्या दिवशी वर्कशॉपमध्ये, कामगारांसमोर, मी त्याला म्हणालो, "चकाचकनं किती दिले तुला?" त्याने हात पुसले आणि गेला. त्याने काहीही केले नव्हते. चूक माझी होती. नऊ वर्षे रोज त्याची आठवण आली, आणि रोज मी ती रागात मोजली.

या मृत्युपत्रात त्याला काहीही ठेवलेले नाही. ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये, असे वकीलबाई म्हणतात, आणि साक्षीदार मला तोच हवा आहे. चौदाव्या पानाची नक्कल घेऊन आज सकाळी मी त्याच्या दारात गेलो. त्याने ती वाचली, चपला घातल्या आणि माझ्याबरोबर आला.

ठिकाण: वर्कशॉपमधले माझे टेबल. दिनांक: १७ मार्च.

लिहून देणार: (सही)
साक्षीदार १: डॉक्टर (सही)
साक्षीदार २: धाकटा भाऊ (सही)

नोंद: एकूण पाने चार. साक्षीदार २ यांनी स्वतःची सही करण्याआधी ती दोनदा मोजली. तिसऱ्या पानावर माझी सही राहिली होती. "दादा, इथं कर," तो म्हणाला. मी केली. शाई ओली होती म्हणून कॅटलॉग ओढला, तर त्याने पान माझ्या हातातून काढून घेतले. "त्यात नको. वाळेपर्यंत मी धरतो."