आईच्या कानात सांगितलेलं

दादा,

चित्रकारांच्या गल्लीवरच्या त्या माहितीपटात तू दिसलास. जेमतेम दोन मिनिटं; तुझं नावसुद्धा दिलं नाही त्यांनी. आईला मी हौसेनं थिएटरात नेलं होतं. "किती वाळलाय गं!" ती म्हणाली. तेवढ्यात तू पडद्यावर डोळे पुसत म्हणालास, "आई माझ्या लहानपणीच गेली. म्हणून चित्रं काढतो."

आईला आताशा नीट ऐकू येत नाही. "काय म्हणाला?" तिनं विचारलं.

खोटं सांगता आलं असतं. मी तिच्या कानाशी वाकून शब्दन् शब्द सांगितला.

आता कुणी मुलांची चौकशी केली, की आई माझ्याकडे बोट दाखवते. "मला ही एकच."

वीस वर्षं तिचं सगळं मी केलं आणि वाट तिनं तुझी पाहिली. हे पत्र मी टाकणार नाही. वाचून तू आलास, तर ती तुला दारातच माफ करेल.

तुझी,
धाकटी