वृत्तात न बसलेली माणसं

बोरिवली,
माघ संपता संपता

प्रिय पारूबाय,

तुला वाचता येत नव्हतं हे मला ठाऊक आहे. तरी लिहितो आहे. काल तुझी नात सुमन माझ्याकडे येऊन गेली. तिला मी जे सांगितलं ते आधी तुला सांगायला हवं होतं. तू होतीस तेव्हा धीर झाला नाही आणि आता तू नाहीस, म्हणून कागद घेऊन बसलो आहे.

माझ्या तिसऱ्या मजल्यावरून दोन नव्या इमारतींच्या फटीतून खाडीची एक पट्टी दिसते. दुपारी ती चमकू लागली की पलीकडचं तुमचं बेट पाण्यावर हललं असं वाटतं. भरतीला जरा जवळ येतं, ओहोटीला दूर जातं. शिक्षकाने असं बोलू नये, पण मी आता निवृत्त आहे. बेट कुठेही जाऊ शकतं.

तुमच्या शाळेत बदली होऊन आलो तेव्हाचं आठवतं का? तरीच्या होडीतून उतरताना माझा पाय चिखलात घोट्यापर्यंत रुतला आणि तू बोंबलांची टोपली डोक्यावर घेऊन हसत उभी होतीस. मी म्हणालो, "बाई, तुम्ही जरा हात देता का?" तू मागे वळून पाहिलंस. "तुम्ही? माझे मागं कोन हाय रं? मी एकलीच हाय." त्या दिवसापासून मी तुला तू म्हणू लागलो. तू तर इन्स्पेक्टरसाहेबांनाही तूच म्हणायचीस.

तुमच्याकडचं पहिलं लग्न पाहिलं तेव्हा मी चकितच झालो होतो. मला वाटलं, भटजी येतील, मंगलाष्टकं होतील. भटजी आले खरे, पण कोपऱ्यात पान खात बसून राहिले. मांडवाच्या मधोमध तू होतीस, धवलारीण, लग्नाचे धवले गाणारी. पुढ्यात तांदळाची रास, मागे बाया. तू धवला सुरू केलास आणि एकेका घरातल्या गेलेल्या माणसांना नावानं हाक मारू लागलीस. अमक्या घरचा अमका, तुफानात तीन होड्या ओढून आणणारा, ये बाबा, तुझ्या नातवाचं लगीन हाय. प्रत्येक नावाला चिमूटभर तांदूळ. बाया मागून धरायच्या, "येगो ये, मांडवा ये." सगळे मेलेले येऊन बसल्याशिवाय जिवंतांचं लग्न लागत नाही, हे मला कुठल्या पुस्तकात शिकवलं नव्हतं.

हळूहळू कळलं की बेटाचा सगळा इतिहास त्या हाकांत आहे. कोण आधी आलं, कुणी बोंबील वाळवायची वलांडी बांधली, मिठागरवाल्यांशी कोण भांडलं. दुसरीकडे कुठे एक ओळ लिहिलेली नाही.

ते लिहून घ्यायला मी किती वर्षं तुझ्या मागे लागलो होतो! तू एकच सांगायचीस, "लगीन नसताना हाक मारली तं ती मानसा येतीन, नि मांडव नाय बगून माघारी जातीन. मंग शिव्या कोन खाईल?" तुझा भाचा दुबईहून टेपरेकॉर्डर घेऊन आला, तर त्याला म्हणालीस, "डब्यान कोन येनार नाय." शेवटी गुडघे तुला मांडवात बसू देईनात, तेव्हा तू कबूल झालीस. दिवा लावलास, तांदूळ घेतलेस आणि आधी सगळ्या मेलेल्यांना बजावलंस, "लगीन नाय हां. मास्तराला लिवायचं हाय. आपापला नाव आयका नि जा." मी हसलो होतो. तू हसली नाहीस.

तीन दुपारी तू गात होतीस आणि मी सुट्या कागदांवर लिहून घेत होतो.

आता खरं सांगतो. मी आयुष्यभर मुलांकडून कविता म्हणवून घेतल्या, बाकावर हाताने ताल धरून. लघु-गुरू चुकलं की माझं कपाळ दुखायचं. घरी आल्यावर तुझा धवला वाचला आणि वाटलं, केवढं सोनं आहे, पण ओबडधोबड. एका ओळीत चार नावं, पुढच्या ओळीत अकरा. मी ठरवलं, पारूबायला सुंदर वही करून द्यायची. महिनाभर बसून सगळं भुजंगप्रयातात घातलं. जी नावं वृत्तात बसेनात ती गाळली. त्यांच्या जागी लिहिलं, 'थोर कोणी', 'समुद्रातले वीर', 'धन्य माता'. आणि सुटे कागद, पारूबाय, मी बंबात घातले. तेव्हा आम्ही चाळीत होतो. त्या कागदांवर माझ्या आंघोळीचं पाणी तापलं.

वही तुला वाचून दाखवली तेव्हा तू ती हातात घेऊन उलटसुलट पाहिलीस. मग म्हणालीस, "गोड हाय मास्तर. पन ह्यान मानसा कुठं हायेत?" आणि मी, मूर्ख, मनात म्हणालो, हिला कवितेतलं काय कळणार. तू तेव्हा माझ्या अंगावर टोपली का फेकली नाहीस? तेव्हाच ओरडली असतीस तर तुझ्या तोंडून सगळं पुन्हा लिहून घेतलं असतं. पण तू चहा ठेवलास. आणि त्या श्रावणात गेलीस.

काल सुमन आली. चैत्रात तिचं लग्न आहे. नवरा मुलगा गिरणीत होता, संप लांबला तसा परत होडीवर जाऊ लागला. ती म्हणाली, "मास्तर, दुसरी धवलारीण ऱ्हायली नाय. आयला निस्तं मागचं धरता येतं. वही द्या, मीच गाईन." मी वही वाचू लागलो. पाचव्या-सहाव्या ओळीला तिने विचारलं, "मंग नावा कवा येतीन?"

मी तिला सगळं सांगितलं. बंबासकट.

ती रागावली नाही, हे जास्त लागलं. खिडकीपाशी जाऊन उभी राहिली. मग म्हणाली, "आमचे घरची नावा आयला ठाव हायेत. पाटलांची पाटलांना. घरोघर फिरू. तुम्ही येताव ना? तुमचा अक्षर चांगला हाय." आणि थोड्या वेळाने, "पन पयली बाय? तिचा तं घरच नाय."

तीच तर, पारूबाय. तुझा धवला जिच्यापासून सुरू व्हायचा ती. दर्याने नवरा नेला, लेकरू पोटाशी धरून वसईकडून एकटी होडी हाकत आली, होडीत पाण्याची एक घागर. तिने विहीर खणली. गोडं पाणी लागलं म्हणून बाकीची घरं आली. पुढे तिचा वंश राहिला नाही, आणि आज त्या विहिरीला पाटलाची विहीर म्हणतात. ती फक्त तुझ्या गाण्यात उरली होती, आणि तिचं नाव तू पुटपुटत घ्यायचीस, ते मागच्या बायांच्याही कानी कधी नीट पडलं नाही. तिचं नाव चार अक्षरी होतं, एवढंच मला आठवतं, कारण ते काही केल्या वृत्तात बसत नव्हतं. तिथे मी 'धन्य माता' लिहिलं.

हल्ली दुपारी डोळा लागला की मी बेटावरच्या शाळेत हजेरी घेत असतो. धर्मी, लखमा, भाल्या, एकेक जण हजर म्हणतो. पहिल्या नंबरला मी थांबतो. खिडकीबाहेर एक होडी चाललेली असते, तिच्यातली बाई वल्ही मारता मारता माझ्याकडे बघते. मी विचारतो, नाव काय गं तुझं? ती सांगते. ओठ हलतात, पण वारा उलटा असतो.

ह्या रविवारी मी तरीने येतो आहे. घरोघर बसेन आणि लोक सांगतील तसंच लिहीन, अकरा तर अकरा. लिहिलेलं परत त्यांनाच वाचून दाखवीन. माझा एक शब्द त्यात नसेल, हे वचन तुला देतो. लग्नाच्या दिवशी ती नवरी, म्हणून आदल्या दिवशीच सुमन धवल्याला बसेल, तेव्हा आधी मी उभा राहीन आणि पाटलांच्या देखत सांगेन, की इथे पहिली एक बाई आली, विहीर तिची आहे, तिचं नाव पारूबायनं जपलं होतं आणि ते मी पुसलं. मग सुमन तांदूळ हातात घेईल आणि एक नाव घ्यायला जेवढा वेळ लागतो तेवढा वेळ सगळ्या बाया गप्प राहतील. ती जागा भरायची नाही, असं आमचं ठरलं आहे. आता गेलेल्यांत तूही आहेस, तुझ्या नावाची हाक सगळ्यांत शेवटी आहे. मांडवात येताना त्या पहिल्या बाईला हाताला धरून घेऊन ये. नावाशिवाय ती एकटी यायची नाही.

तुझा,
मास्तर