ह्यो-रिमच्या आईची नाडी

३ मार्च
मशीन आलं. दोघांनी उचलून दवाखान्यात ठेवलं, त्यातला एक बुटांसकट आत शिरला. शुभकार्यात ओरडू नये म्हणून गप्प बसलो.

मनगटाला पट्टा बांधायचा, सेन्सर खाली येऊन नाडीवर दाबून बसतो, आणि पडद्यावर लाट उमटते. एक शिखर, मग उतार, उतारावर छोटंसं टेंगूळ. बघत राहावं असं. आता नाडीपरीक्षेला अंधश्रद्धा म्हणणाऱ्यांची तोंडं बंद.

मशीन का घेतलं ते इथे स्पष्ट लिहून ठेवतो. बोटांचा काही संबंध नाही. बोटांना मुंग्या येतात त्या आमच्या देगू शहराच्या थंडीमुळे, आणि मार्चमध्येही थंडी असते. आमचे वडील मनगट धरून माणसाने सकाळी काय खाल्लं ते सांगायचे. मी प्यो सांग-ग्यू, त्यांचा मुलगा, निदान रात्रीचं तरी सांगू शकतो. मशीन आहे ते शास्त्रासाठी.

पहिला मान ह्यो-रिमच्या आईला, म्हणजे बायकोला, दिला. ती चहा घेऊन आली होती, पाठ दुखते म्हणत होती. लाट सुरेख! तिशीतल्या बाईला शोभेल अशी. तसं तिला सांगितलं. म्हणाली, "मग पाठ साठीतली का?" विनोदबुद्धी शाबूत आहे. काळजीचं कारण नाही.

संकल्प : रोज सकाळी आपसानचा डोंगर चढायचा. सोजूची दारू फक्त रविवारी.

५ मार्च
सोजू. पण फक्त दोन पेले, आणि कारण होतं.

एक म्हातारेबुवा आले. बोटांनीच नाडी पाहिली, मशीनचे लाड करायचे नाहीत म्हणून. नाडी खोल, ताठ, तारेसारखी. यकृतात राग साठलाय म्हणून सांगितलं. ते गेल्यावर आमच्या नर्स बोंगबाई हळूच म्हणाल्या की डॉक्टर, तुमची बोटं त्यांच्या घड्याळाच्या पट्ट्यावर होती. बोंगबाईंची नजर अलीकडे अधू झाली आहे. त्यांना चष्म्याचं सुचवायला हवं.

समोरच्या इमारतीत त्या म्यंगचं वेदना-क्लिनिक. वय पस्तीस असेल नसेल. पिस्तुलासारखं एक यंत्र दुखऱ्या जागेवर टेकवतो आणि ठक ठक ठक धक्के देतो. लाटांनी दुखणं जातं म्हणे. त्याच्याही लाटा आणि माझ्याही लाटा! फरक इतकाच की मी ऐकतो, तो बडवतो. आमची गुडघेवाली ग्वाक आजी काल त्याच्या जिन्यात दिसली. मला पाहून तिने छत्री उघडली. ऊन होतं.

आपसान : उद्यापासून.

११ मार्च
ह्यो-रिमच्या आईची पाठ अजून दुखतेच आहे. पुढे वाकून बसलं की बरं वाटतं म्हणते. रीतसर बसवून दोन्ही मनगटांच्या लाटा घेतल्या. डावीकडे मधल्या जागेची लाट किंचित ताठ. म्हणजे यकृत. म्हणजे राग. म्हणजे ह्यो-रिम. मुलगी राजधानीत, सोलला जाऊन बसली आहे, लग्नाचं नाव काढत नाही, आईच्या पाठीत राग साठणार नाही तर काय होईल? निदान झालं दहा मिनिटांत. इस्पितळात यालाच आठवडा लावतात.

सुया टोचल्या. वीस मिनिटांनी विचारलं, कसं वाटतंय? म्हणाली, "बरं वाटतंय हो." लगेच पुन्हा लाट घेतली. सुधारणा डोळ्यांना दिसते!

मे महिन्यात वैद्यांच्या परिषदेत निबंध वाचायचं ठरवलं. 'पाठदुखीतील नाडीलाट : एका स्त्रीचा अभ्यास.' स्त्रीचं नाव गुप्त ठेवीन.

२४ मार्च
निबंध जोरात. लाटांच्या छापील प्रती भिंतीवर ओळीने लावल्या, एकीहून एक सरस. काढ्याचाही गुण दिसतोय. ती चांगली सडपातळ झाली आहे. म्हटलं, लग्नातला पोशाख घालून बघ, आता बसेल. तिने खरंच काढून बघितला, घातला नाही. घडी घालून परत ठेवला आणि बराच वेळ कपाटाशी उभी होती.

जेवण कमी. पेजच खाते, तीही अर्धी. वसंतात भूक मंदावते, ग्रंथात आहे.

आपसानवर गेलो. पायथ्याशी बर्फातले नूडल्स चांगले मिळतात. तिथूनच परत.

२ एप्रिल
मशीन बिघडलं. ह्यो-रिमच्या आईचा हात लावला की पडद्यावर 'पुन्हा मोजा'. पुन्हा मोजलं. 'पुन्हा मोजा'. तिला म्हटलं तू हलतेस. ती म्हणाली, नाही हलत. मी म्हणालो, श्वास घेतेस. त्यावर तिने पट्टा स्वतःच सोडला. मनगटावर पट्ट्याचा लाल वळ उठला होता, बोंगबाईंनी मलम लावलं.

कंपनीला फोन. तिथला माणूस म्हणतो, मशीन ठीक आहे सर, पेशंटचं मनगट बारीक झालं असेल नाहीतर नाडी क्षीण असेल, डॉक्टरला दाखवा. मी म्हणालो, मीच डॉक्टर आहे. तो म्हणाला, हो सर, तरीपण.

या देशात ग्राहकाशी बोलायची पद्धत राहिली नाही.

मग बोटांनी पाहिली. शांत, खोल, जवळजवळ लागतच नाही अशी नाडी. अत्यंत संयमी प्रकृतीचं लक्षण. तशी ती आहेच.

९ एप्रिल
लिहिताना दोनदा कागद फाटला. रागाने.

दुपारी खिडकीतून पाहिलं, तर ह्यो-रिमची आई समोरच्या जिन्यावरून कठड्याला धरून उतरत होती. त्या म्यंगच्या! आमच्या रस्त्यावरच्या सगळ्या औषधबाजाराने पाहिलं असणार. खाली आल्यावर तिने वर पाहिलं. मी पडदा ओढला. मग वाटलं, पडदा तिने ओढायला हवा होता.

घरी विचारलं, काय गं, नवरा मेलाय का तुझा?

म्हणाली, "ठक ठक करून घ्यायला गेले होते. ग्वाक आजी म्हणाली गुण येतो."

"आला?"

"केलंच नाही त्याने. ही स्नायूंची पाठ नाही म्हणाला. सारखं विचारत होता, कुठे दुखतं, कधीपासून, रात्री झोप लागते का. अहो, तुम्ही माझ्या मनगटालाच विचारता. मला कधी विचारलंत?"

स्कॅन करा म्हणाला म्हणे. यांना यंत्रांशिवाय काही दिसत नाही. आज माझं अंथरूण बाहेरच्या खोलीत.

१२ एप्रिल
अबोला. माझ्याकडून. तिच्या लक्षात आला असेल असं वाटतं.

सकाळी म्यंग रस्ता ओलांडून स्वतः आला. दारात कमरेत वाकला, गुरुजी म्हणाला. वाकायची रीत मात्र चांगली आहे. म्हणाला, बाईंचे डोळे पिवळे दिसतात, कृपा करून उशीर करू नका. मी सांगितलं, माझ्या बायकोचे डोळे मी चाळीस वर्षं पाहतोय. तो गेल्यावर बोंगबाई म्हणाल्या, "मलाही दिसतात, डॉक्टर. मी तुम्हाला गेल्या आठवड्यात बोलले होते." बोलल्या असतील. गर्दी होती. बहुधा नव्हती.

रात्री जेवताना समोर बसून पाहिलं. दिव्याच्या उजेडात काही सांगता येत नाही.

ह्यो-रिम सोलहून आली आहे. उद्या आईला मोठ्या इस्पितळात नेणार. मी म्हणालो, जा, तुमची खात्री करून घ्या. मलाही परिषदेची तयारी आहे.

१८ एप्रिल
स्वादुपिंडाचा कॅन्सर. पसरलाय.

डॉक्टरीणबाई पडद्यावर दाखवत होत्या. मी विचारलं, नाडी पाहिलीत का? त्यांनी ह्यो-रिमकडे पाहिलं. ह्यो-रिम म्हणाली, "बाबा."

इस्पितळवाले आधी घाबरवतात. दोन्ही पद्धती एकत्र वापरल्या तर पुष्कळ करता येईल. योजना आखायला घेतली आहे.

२० एप्रिल
योजना. पहाटे सुया, दुपारी काढा, संध्याकाळी शेक. तिला वाचून दाखवली. शेवटपर्यंत ऐकलं तिने. मग म्हणाली, "बरं."

४ मे
सलाइनचं औषध तिने एकदा घेतलं आणि पुरे म्हणाली. ह्यो-रिम रडली, भांडली, मग आईच्या पायांना तेल लावत बसली.

दुखणं वाढलंय. इस्पितळाने छातीवर लावायच्या पट्ट्या दिल्या आहेत, अफूच्या जातीच्या. माझा विरोध होता. त्याने नाडी झाकोळते. म्हटलं, आधी सुयांना संधी देऊ. मार्चमध्ये किती गुण आला होता!

ती पलंगावर उशी पोटाशी धरून बसली होती. म्हणाली, "टोचा. तुम्हाला बरं वाटत असेल तर टोचा."

मी म्हणालो, मला? बरं तुला वाटायचं.

"मला नाही हो वाटायचं. भिंतीवर ते कागद लावून तुम्ही इतके खूश असायचात. म्हटलं कशाला..."

 दम लागला.

सुया डबीत ठेवल्या. पट्टी मी लावली. बोटांना तिची कड सापडेना, मागचा कागद निघेना. ह्यो-रिमने हातातून घेतली. थोड्या वेळाने तिला झोप लागली. तोंड उघडं ठेवून, बिनघोर. असं झोपलेलं तिला या वर्षात मी पाहिलं नव्हतं.

१६ मे
आज परिषद. गेलो नाही. सचिवांना कळवलं की विषयाला अजून वेळ द्यावा लागेल. ते म्हणाले, अवश्य.

भिंतीवरचे कागद काढले. चिकटपट्टीने रंगाचे पोपडे निघाले. बोंगबाई ओलं फडकं घेऊन आल्या.

१० जून
शेवटच्या टप्प्यातल्या आजाऱ्यांचा वॉर्ड. खिडकीशी खाट मिळाली आहे. ह्यो-रिम नोकरीवर गेली, शनिवारी येईल. इथे मी आहे.

आज फजिती झाली. दुपारी ती झोपली होती. सवयीने मनगट हातात घेतलं. तीन बोटं ठेवली. काही नाही. थोडी सरकवली. काही नाही. दुसरा हात घेतला. तिथेही नाही. मी उठलो आणि ओरडलो, "गेली! गेली हो!" नर्स धावली, शेजारच्या खाटेवरची बाई उठून बसली, तिच्या सुनेच्या हातून कलिंगडाची थाळी पडली.

ह्यो-रिमच्या आईने डोळे उघडले. "अहो, आहे मी अजून. कोण गेलं?"

सगळा वॉर्ड हसला. तीही हसली, मग दुखायला लागलं तरी हसत राहिली. "एवढी घाई?" म्हणाली. मीही हसलो. मग मला ते थांबवता येईना, आणि ते हसणं राहिलं नव्हतं. शेजारची सून थाळी तशीच टाकून पाण्याचा पेला घेऊन आली.

नर्स गेल्यावर ती मला जवळ बोलावून म्हणाली, "बोटांना कळत नाही ना? कधीपासून?"

मी म्हणालो, दोन हिवाळे झाले. मोठ्याने बोललो ते पहिल्यांदाच. इथे तर लिहिलंही नव्हतं.

"मला सांगायचंत की." एवढंच म्हणाली. मग माझी बोटं दोन्ही हातांत घेऊन चोळत बसली. तिच्या हातांत जोर नव्हता. मला दिसत होतं ती चोळते आहे ते.

१९ जून
फारशी बोलत नाही. सकाळी थंड नूडल्सचं पाणी मागितलं. बर्फ घालून आणलं. दोन चमचे. छान झालंय म्हणाली. दुकानातलं होतं.

२१ जून
दुपारी गेली.

हात हातात होता. पाऊस येणार की नाही ते बघत मी खिडकीबाहेर पाहत होतो, तिला सांगतही होतो, की आज पडेल असं वाटतं. नर्सने खांद्यावर हात ठेवला तेव्हा कळलं. मी विचारलं, आत्ता? ती म्हणाली, थोडा वेळ झाला असेल, काका.

ह्यो-रिम गाडीत होती. अर्ध्या वाटेत.

२८ जून
तीन दिवस अंत्यविधीच्या दालनात लोक येत होते, वाकत होते, तिखट सूप जेवत होते. म्यंगही आला. माझ्यासमोर बसून सोजू ओतला, दोन हातांनी, थोरांना ओततात तसा. मी पेला रिकामा केला. त्याने पुन्हा भरला. चांगला मुलगा आहे.

आज ह्यो-रिम परत जायची होती. बॅग दाराशी ठेवून बुटांच्या नाड्या बांधत होती. तशीच खाली बघत म्हणाली, "बाबा, एक विचारू? शेवटी आईला दुखत होतं का?"

उत्तरं पुष्कळ होती. खोल नाडीचं, शांत प्रकृतीचं, ग्रंथातलं. आयुष्यभर लोकांना मी हेच सांगत आलो, आणि लोक समाधानाने घरी गेले.

म्हणालो, "मला माहीत नाही, बाळा."

 तिने दुसऱ्या बुटाची नाडी बांधली आणि ती उभी राहिली. म्हणाली, पुढची गाडी चारची आहे, तिने गेले तरी चालेल. बूट पुन्हा काढले. मी भात लावायला आत गेलो. पाणी किती घालायचं ते दोघांनाही नक्की ठाऊक नव्हतं.