साडीचं गिऱ्हाईक

अहो,

आमटी झाकून ठेवलीय, भात तुमचा तुम्ही लावून घ्या.

शाळा कायमची सुटल्यापासून आपली तेजस्वी कुणाशी बोलत न्हाय, चिडली की डोकं भिंतीवर आपटती. काल समुपदेशक मनिषा मॅडम तिला बघायला एवढ्या लांबनं घरी आल्या. आणि तुम्हाला लाज कुणाची, तर आपल्या साड्या घ्यायला आलेल्या संकेश्वरच्या व्यापाऱ्याची! मॅडमना साडीचं गिऱ्हाईक म्हणून बसवलंत. घड्या मोडून मोडून पदर दाखवलेत, काठ दाखवलेत. लई हुशार. बिचाऱ्या मॅडम साडीवर हात फिरवत माझ्याकडं बघत होत्या.

मागच्या खोलीत पोर ओरडाय लागली. व्यापाऱ्यानं विचारलं, "कुणाची ओ?" मान वर न करता तुम्ही म्हणालात, "शेजारची हाय."

तिला घेऊन मॅडमच्या केंद्रात चाललेय, भर गल्लीतनं. तिथं अशीच पोरं येतात. काहींचे बापबी येतात म्हणे. असतात, तसलेबी बाप असतात जगात.

आज व्यापारी परत येणार हाय. पोरीचा आवाज का येईना म्हणून विचारलं, तर सांगा, शेजारीण आली आणि आपली पोर घेऊन गेली.

नीलम