डावीकडची खुर्ची

३ तारीख
आधी दुरुस्ती. काल घाईत लिहिलं की घरमालकीणबाई खाष्ट आहेत. चूक. बाईंची दाढ दुखत होती. आज गालाची सूज उतरली तशा हसल्या, खिडकीला नवा पडदा लावून दिला, वर मलाच दटावलं, की एवढी हडकुळी पोर कॅमेरा उचलते की कॅमेरा तिला! खोली छान आहे. समोर जळालेला शिलाई कारखाना पूर्ण दिसतो. माझा माहितीपट त्याच आगीवर, आत अडकून जीव गेलेल्या शिकाऊ मुलीवर. दार अडकलं होतं, असं सगळे सांगतात.

५ तारीख
पाववाल्याने पाव दिला नाही. आमची लक्तरं वेशीवर टांगायला आलात का, असं भर दुकानात विचारलं. बाकीचे हसले.
कारखान्यात काज करणाऱ्या मावशी मात्र बोलल्या. मी कॅमेऱ्याच्या उजवीकडे बसते, बोलणाऱ्याने माझ्याकडे बघायचं. आत्याने घरच्या स्टुडिओत, मी शाळेत जायच्याही आधी, शिकवलेला हा पहिला धडा. मावशी सारख्या डावीकडे बघत होत्या. तिथे रिकामी खुर्ची होती. लाजल्या असतील.

६ तारीख
लाजल्या नव्हत्या. मी कामाचे तास विचारले होते, उत्तरही तासांचंच ऐकलं होतं. चित्रणात मात्र मावशी डावीकडे बघून म्हणतात, की तुझ्या हाका ऐकू येत होत्या गं.
आज मावशींचा आवाज गेलाय. खोकल्यातून काजळी पडते. गल्ली मलाच बोल लावते. खिडकीवर दगड आला.

९ तारीख
कारखान्यातल्या इस्त्रीवाल्या काकूंनी स्वतःच बोलावलं. त्याही डावीकडेच बघत होत्या. मधेच थांबायच्या, कुणाचा तरी प्रश्न संपेपर्यंत. मग म्हणाल्या, कुलूप मी नाही घातलं, मुकादमीणबाईंनी घातलं.
मुकादमीण म्हणजे माझ्या घरमालकीणबाई.

१० तारीख
काकू गेल्या. अंथरुणातच. तोंड काजळीने भरलेलं — घरात काडीही पेटली नव्हती. लोक वाट अडवतात. एकजण अंगावर थुंकला.

११ तारीख
घरमालकीणबाई वर आल्या. मलाही बोलायचंय, म्हणाल्या. नको म्हटलं, विनवलं. ऐकेनात. शनिवार ठरवून टाकला. मी एकटीच असते हो, म्हटलं, तर म्हणाल्या, माहीत आहे, तरी खुर्च्या दोन ठेव.
त्यांच्या कबुलीशिवाय माहितीपट नाही. कबुलीनंतर बाई —

१२ तारीख
खुर्ची जिन्यात ठेवून आले. वळून बघते तर ती परत आत. बैठक गरम.
बाईंना बसू देणार नाही. त्याआधी — शुक्रवारी, चौदा तारखेला, सकाळी — कॅमेरा उलटा फिरवणार. त्या खुर्चीवर. समोर मी. आणि या वेळी प्रश्न मी विचा—