फ्रिज म्हणजे पूर्व वेस

ती. अक्का,

तुझ्या धाकट्या भावाचा नमस्कार घे. पायांशी वाकलो आहे असं समज. खरोखर वाकलो तर उठवायला माणूस लागतं, आणि घरातलं ते माणूस सध्या माझ्याकडे बघत नाही. तुझा गुडघा कसा आहे? मागच्या पत्रात लिहिलं होतंस की जिना उतरताना आधी तो बोलतो आणि मग तू उतरतेस. बोलू दे त्याला. घरात कोणीतरी बोलतं आहे हेही काही कमी नाही, हे मी अनुभवाने सांगतो. रक्तदाबाची गोळी वेळेवर घेतेस ना? मी माझी घेतो (म्हणजे ही हातावर ठेवते तेव्हा घेतो). इकडे सगळं ठीक आहे असं लिहायची पद्धत आहे म्हणून लिहितो. पुढचं वाचून काय ते तूच ठरव.

तुला ठाऊकच आहे, हिचा आवाज वर्षानुवर्षं बसस्थानकावर घुमला. कुठली गाडी कुठल्या फलाटावर लागते हे सांगायचं काम हिचं, आणि उशिरा येणारी गाडीसुद्धा हिच्या तोंडून आली की लोकांना वेळेवर आल्यासारखी वाटायची. मग वरच्या साहेबांनी हिला एका काचेच्या खोलीत बसवलं, सगळ्या गावांची नावं, सगळे आकडे, आणि 'कृपया', 'उशिरा', 'रद्द' असे शब्द सुटे सुटे बोलून घेतले, ते यंत्रात भरले, आणि हिच्या हातात भिंतीवरचं घड्याळ देऊन हिला घरी पाठवलं. आता बसस्थानकावर हिचाच आवाज बोलतो आणि घरात ही बोलत नाही. खोटं नाही सांगत अक्का, चहा झाला आहे हे मला कप आपटल्यावर कळायचं. एकदोनदा तर मी वर्तमानपत्र घेऊन बसस्थानकावरच जाऊन बसलो. तिथल्या हमालाने विचारलं, काका, कुठली गाडी हवी? मी म्हटलं, बघतो. मला फार वाईट वाटायचं, तुला सांगायला लाज कसली.

अशात हिने कुठेतरी वाचलं की जुन्या शहरातून पाहुण्यांना पायी फिरवायला गाईड हवे आहेत. जुन्या शहराचा तो मधला भाग तू पाहिला आहेस (तिथल्या फरसबंदीत तुझ्या चपलेचा अंगठा तुटला होता आणि तू मध्ययुगाला नावं ठेवली होतीस). भोवती तट, चार वेशी, मधे बाजारचौक, घड्याळाचा मनोरा, आणि गल्ल्या अशा की दोन जाडी माणसं समोरासमोर आली तर एकाने माघार घ्यावी. पर्यटन कार्यालयाचा नियम असा, की परीक्षा द्यायची, पास झालं की बिल्ला मिळतो, आणि बिल्ला नसेल तर चौकात उभं राहून चार माणसांना काही सांगायचं नाही. 'मला तो बिल्ला हवाय,' असं ही म्हणाली. कित्येक महिन्यांत हिने पुरं केलेलं ते पहिलं वाक्य. मी ताबडतोब हो म्हटलं. कसला बिल्ला ते नंतर विचारलं.

आता बिल्ल्याशिवाय तिथे तोंड उघडायचं नाही म्हटल्यावर सराव करायचा कुठे? हिने शहरच घरी आणलं. फ्रिज म्हणजे पूर्व वेस. जेवणाचं टेबल बाजारचौक. लोखंडी कपाट घड्याळाचा मनोरा. कपडे धुण्याचं मशीन ही पाणचक्की (ते चालू असलं की जागा फार खरी वाटायची). न्हाणीघर तुरुंग, आणि आमचा पलंग हे दुष्काळासाठी बांधलेलं धान्याचं कोठार. प्रवासी मी एकटा. रोज सकाळी मला फ्रिजसमोर उभं करून माझं स्वागत व्हायचं, मग शत्रूने वेढा घातल्याची हकीकत, आणि ती संपेपर्यंत दूध बाहेर काढता यायचं नाही, कारण वेढ्यात वेस उघडत नाहीत. दुपारी मी कोठारात आडवा झालो की धान्याच्या नासाडीचं प्रकरण सुरू व्हायचं आणि त्यात उंदरांचा उल्लेख माझ्याकडे बघून व्हायचा. एकदा मशीन दुरुस्त करायला माणूस आला. त्याला हिने चक्कीचा सगळा इतिहास सांगितला. तो मन लावून ऐकत बसला, त्या चक्कीवाल्याच्या मुलीचं पुढे काय झालं हे दोनदा विचारलं, आणि मशीन तसंच ठेवून निघून गेला. मी महिनाभर कपडे हाताने धुतले, पण माझी काही तक्रार नव्हती. घर कसं भरल्यासारखं वाटत होतं.

ह्या सगळ्यात एक बारीकशी भानगड होती, ती आम्हाला भानगड वाटली नाही. खऱ्या शहरात बाजारचौकातून उजवीकडे वळलं की रंगाऱ्यांची गल्ली लागते. आमच्याकडे टेबलाच्या उजवीकडे भिंत आहे आणि पॅसेज आहे डावीकडे. त्यामुळे ही तोंडाने म्हणायची, 'इथून आपण उजवीकडे वळू,' आणि आम्ही दोघं डावीकडे वळायचो. रोज. मला त्यात काही वावगं दिसलं नाही. माझी सगळी नोकरी लिफ्ट दुरुस्त करण्यात गेली, वर आणि खाली ह्या दोन दिशांवर माझं व्यवस्थित भागलं.

परीक्षा म्हणजे काय, तर सात-आठ प्रवाशांचा गट घेऊन पूर्ण फेरी करायची, आणि परीक्षक गटाबरोबर चालणार. गटात नातेवाईक चालणार नाहीत, असा आणखी एक नियम आयत्या वेळी कळला. हिचा चेहराच उतरला. मी म्हटलं, काळजी करू नकोस, मी परका माणूस म्हणून येतो. त्यावर मला तीन सूचना मिळाल्या: मागे उभं राहायचं, तोंड बंद ठेवायचं, ओळख दाखवायची नाही. अक्का, इतक्या वर्षांच्या संसारानंतर स्वतःच्या बायकोला न ओळखणं वाटतं तितकं सोपं नसतं. सकाळी माझ्या शर्टाचं बटण हिनेच लावून दिलं, वेगवेगळ्या बसने आम्ही पोचलो, आणि वेशीपाशी मला म्हणते, 'आपण, निळी टोपीवाले, जरा सावलीत या ना.' आपण! आपल्या घरात लग्नाच्या बोलणीतसुद्धा मला कोणी आपण म्हटलं नव्हतं. मी इतका सुखावलो की हिचं घरातलं नाव ओठांवर आलं. ते मी खोकून परत गिळलं.

गटात एक नवं लग्न झालेलं जोडपं होतं (त्यांना मध्ययुग दाखवा नाहीतर मोकळं मैदान, ती दोघं एकमेकांकडेच बघणार), एक दातांचे डॉक्टर होते, जे तटाच्या दगडांतल्या फटी बघून हळहळत होते, आणि दोन मैत्रिणी होत्या, ज्यांना प्रत्येक थांब्यावर बसायला कुठे मिळेल एवढंच हवं होतं. परीक्षक साहेब शिडशिडीत, हात पाठीमागे बांधलेले, चेहऱ्यावर कसलाच पत्ता नाही. पण हिने तोंड उघडलं आणि कमानीवरची कबुतरं उडाली. तोच आवाज, अक्का. बसस्थानकावर सुटा सुटा ऐकू येतो तो नव्हे, सलग. वेशीचा पहारेकरी, त्याच्या कमरेची किल्ली, वेढ्यातली उपासमार, सगळं असं सांगितलं की दुसऱ्या गाईडची माणसं हळूच आमच्यात येऊन उभी राहिली. त्या जोडप्यानेसुद्धा एकदा वर बघितलं. परका माणूस रडला तर शोभणार नाही म्हणून मी बुटाची नाडी बांधायला बसलो.

घड्याळाच्या मनोऱ्याखाली मात्र घोटाळा झाला. ही बोलता बोलता थांबली. नुसती वर बघत उभी. तोंड बंद ठेवायची सूचना होती, पण माणुसकी म्हणून काही असतं की नाही? मी मागून हळूच म्हटलं, 'कपाट.' काही नाही. जरा मोठ्याने म्हटलं, 'अहो बाई, कपाट, कपाट!' आणि ही लगेच सुरू झाली. सगळा गट माझ्याकडे बघायला लागला. साहेबांनी विचारलं, कसलं कपाट? मी म्हटलं, घरचं उघडं राहिलं, आत्ता आठवलं. दातांचे डॉक्टर म्हणाले, आमच्याही हिला असंच होतं.

आणि मग तो चौक. ही म्हणाली, 'इथून आपण उजवीकडे वळू,' आणि व्हायचं तेच झालं: पाय सवयीचे गुलाम, गट डावीकडे निघाला. (कोण आधी वळलं आणि कोण नंतर, ह्या तपशिलात मी जात नाही, अशा वेळी बायकोकडे बोट दाखवणारा नवरा मी नव्हे.) रंगाऱ्यांची गल्ली काही येईना. गल्ली अरुंद झाली, मग ओली झाली, आणि एका फाटकातून आम्ही थेट कोणाच्या तरी मागच्या अंगणात शिरलो. दोरीवर चादरी, आणि खाली एक बनियनवाले गृहस्थ टेबलाशी बसून कांदा चिरत होते. पुढे भिंत. मागून साहेब आले. मला वाटलं, संपलं. बिल्ला गेला, आवाज गेला, आता जन्मभर कप आपटणं ऐकायचं. पण हिने एक क्षणही न दवडता हात वर केला आणि सांगायला लागली, की पाहुणेहो, जुन्या शहरातली प्रत्येक गल्ली कुठेतरी पोचण्यासाठी नसते. काही गल्ल्या शत्रू आत शिरला की अडकावा अशा असतात. आत्ता ह्या क्षणी आपण शत्रू आहोत, आणि हे गृहस्थ शहर वाचवत आहेत. सगळ्यांनी त्यांच्याकडे आदराने पाहिलं. त्यांनी सुरी खाली ठेवली, डोळे पुसले (कांद्यामुळे) आणि म्हणाले, 'शत्रूंनी जाताना फाटक लावून घ्या, मांजर बाहेर जातं.' आम्ही एका रांगेत, अगदी पराभूत चेहऱ्यांनी बाहेर पडलो. साहेबांनी पाठीमागचे हात पहिल्यांदा पुढे आणले आणि काहीतरी लिहिलं.

पुढची फेरी सुरळीत झाली. निरोप घेताना साहेबांनी हिला विचारलं, सराव कुठे केलात? ही म्हणाली, घरी. त्यांनी तेही लिहून घेतलं आणि निकाल पोस्टाने कळवू म्हणाले. त्याला आता आठवडा होत आला. ही पुन्हा गप्प झाली आहे. फ्रिज नुसता फ्रिज झाला आहे, हवं तेव्हा उघडतो, आणि मला ते बघवत नाही. काल मीच त्याच्यासमोर उभा राहून 'पाहुणेहो, आपलं स्वागत' म्हणून पाहिलं. हिने दूध आत ठेवलं आणि दार लावलं. बिल्ला नाही आला तर काय करायचं, ह्या विचाराने मला जेवण जात नाही, अक्का.

बाकी काळजी घे, गुडघ्याला माझा आशीर्वाद, आणि तुझा माझ्या डोक्यावर असू दे.

तुझा,
धाकटा

ता. क. एवढं लांब लिहिलं ते एका कामासाठी. निकाल काहीही लागो, तू हिला एकदा फोन कर आणि म्हण, की मला ते जुनं शहर नीट बघायचं राहिलं, जरा पूर्व वेशीपासून सांग. मला सांगायला ही तयार नाही, म्हणते तुमचं सगळं ऐकून झालंय. तू विचारलंस तर नाही म्हणणार नाही. फोन ठेवू नकोस, कितीही लांबलं तरी. मी पॅसेजमध्ये बसून ऐकेन. आणि मी सांगितलं असं मात्र सांगू नकोस.

ता. क. दुसरा. पत्र टाकायला हिच्याकडेच देतो आहे. घाबरू नकोस, पाकीट पक्कं चिकटवलं आहे.

वन्सं, नमस्कार. पाकीट सताड उघडं होतं. घरातला डिंक कधीच संपलाय, हे नुसतं पाणी लावून मोकळे झाले. बिल्ला आज सकाळी आला. ह्यांना अजून सांगितलेलं नाही, दूध आणायला गेलेत. तुम्हाला आधी कळवते, म्हणजे काळजी राहायला नको.

दोन गोष्टी तेवढ्या दुरुस्त करून वाचा. मनोऱ्याखाली मी काही विसरले नव्हते. घड्याळाचे ठोके पडायची वेळ झाली होती, ते पडावेत म्हणून थांबले होते. ह्यांच्या 'कपाट, कपाट'मध्ये ठोके कोणालाच ऐकू आले नाहीत. आणि चौकातून मी उजवीकडेच वळले होते. मागे उभं राहायला सांगितलेले हे, पॅसेज आला असं समजून तरातरा पुढे झाले आणि डावीकडे शिरले, आणि सगळा गट त्यांच्यामागे गेला. रंगाऱ्यांच्या गल्लीत मी आणि परीक्षक साहेब दोघंच उभे. तुमची माणसं कुठे गेली, असं त्यांनी विचारलं, तेव्हा मी ह्यांना शोधायला गेले. शत्रूचं ते तिथे कांदा बघून सुचलं. साहेबांनी शेऱ्यात लिहिलंय की वाट चुकलेल्या माणसांना ही बाई न रागावता परत आणते, आणि त्यावरच मला पास केलंय.

फोन जरूर करा, वेशीपासून सगळं सांगेन. माझंही एक काम आहे. पुढची परीक्षा नदीकाठच्या फेरीची आहे. त्यासाठी पॅसेजची नदी करायची आहे आणि हे सारखे तिच्यात खुर्ची टाकून बसतात. तेव्हा महिनाभर ह्यांना तुमच्याकडे ठेवून घ्या. गोळी हातावर द्यावी लागते. जमलं तर डावं-उजवंही शिकवा.

परीक्षेच्या आदल्या दिवशी मात्र न चुकता परत पाठवा, वन्सं. एवढ्या अनोळखी लोकांपुढे उभी राहिले तेव्हा वाटलं, सरळ परतीची बस धरावी. मग मागे बघितलं तर हे अगदी मन लावून मला ओळखत नव्हते, आणि तेव्हा कुठे माझा आवाज फुटला.